सगळा डेटा कुठे आहे? मॉडचा पत्ता बदलण्याचा छोटा इतिहास

संगणकावर गेम खेळणाऱ्या कुणालाही विचारा, सी ड्राइव्ह भरली की पहिला संशय कुणावर जातो? मॉडवर. मॉड म्हणजे मूळ गेममध्ये खेळाडूंनीच केलेले बदल. नवी शस्त्रं, नवे नकाशे, जास्त स्पष्ट चित्रं, कधीकधी तर अख्खी नवी गोष्ट. एकेकटा मॉड लहान असतो, पण शे-दोनशे जमले की गेमपेक्षा मॉडच जड होतात. मग माणूस मॉड मॅनेजरच्या सेटिंग्ज उघडतो आणि म्हणतो, चला, हे सगळं दुसऱ्या ड्राइव्हवर हलवू. तिथे त्याला एक विचित्र अट भेटते.

व्हॉर्टेक्स हा आज बराच वापरला जाणारा मॉड मॅनेजर आहे. त्याच्या नेहमीच्या पद्धतीत मॉड साठवायचा फोल्डर आणि गेम हे दोन्ही एकाच ड्राइव्हवर, नेमकं सांगायचं तर एकाच पार्टिशनवर असावे लागतात. गेम डी वर आणि मॉड सी वर, हे त्याला चालत नाही. डाउनलोड केलेल्या झिप फाइल्स मात्र तुम्ही कुठेही ठेवा, त्याबद्दल तक्रार नाही.

असं का? या एका ‘का’चा माग काढत गेलं तर आपण थेट १९७१ सालात पोहोचतो. वाटेत लक्षात येतं की मॉड कुठे ठेवायचे हा प्रश्न वरवर जागेचा वाटतो, पण मुळात तो वेगळाच आहे: मूळ वस्तूला हात न लावता तिच्यात बदल कसा करायचा? संशोधन करणाऱ्या प्रत्येकाला आपल्या डेटाबाबत कधी ना कधी हाच प्रश्न पडतो. म्हणून हा इतिहास गेम न खेळणाऱ्यांनीही वाचावा असा आहे.

मूळ प्रतीवरच बदल

१९८१ मध्ये अ‍ॅपल टू संगणकासाठी ‘कॅसल वुल्फेनस्टाइन’ नावाचा गेम आला. नाझींच्या किल्ल्यातून निसटायचं, असा तो खेळ. १९८३ मध्ये काही हौशी मुलांनी त्यातल्या सैनिकांच्या जागी कार्टूनमधले निळे स्मर्फ बसवले आणि ‘कॅसल स्मर्फेनस्टाइन’ तयार झाला. मॉडच्या इतिहासात सुरुवातीचं उदाहरण म्हणून याचं नाव नेहमी घेतलं जातं. पण यात ‘मॉड’ अशी वेगळी वस्तू नव्हती. गेममध्येच बदल केले होते, त्यामुळे हातात यायचा तो बदललेला गेमच. मॉड कुठे ठेवायचा हा प्रश्नच उद्भवत नव्हता, कारण मॉड आणि गेम एकच होते.

१९९२ च्या ‘वुल्फेनस्टाइन थ्रीडी’पर्यंत फारसा फरक पडला नाही. लोक गेमच्या डेटा फाइल्स उघडत, त्यांतली चित्रं आणि आवाज बदलत आणि फाइल पुन्हा तिथेच लिहीत. मूळ गेम परत हवा असेल तर फ्लॉपी शोधा आणि पुन्हा इन्स्टॉल करा. मात्र लोक इतक्या आवडीने हे करतायत, ही गोष्ट इड सॉफ्टवेअर या कंपनीच्या आणि तिचा मुख्य प्रोग्रामर जॉन कार्मॅक याच्या नजरेतून सुटली नाही.

वॅड: बदलाला स्वतःची फाइल मिळाली

१० डिसेंबर १९९३ रोजी इड सॉफ्टवेअरने ‘डूम’ आणला. त्यात गेम चालवणारा प्रोग्राम आणि गेमचा मालमसाला, म्हणजे नकाशे, चित्रं, आवाज, हे वेगळे ठेवले होते. मालमसाल्याच्या फाइलचं नाव वॅड. या नावाची फोड ‘व्हेअर्स ऑल द डेटा’ अशी सांगतात. सगळा डेटा कुठे आहे? आपल्या विषयाला यापेक्षा नेमकं नाव मिळणार नाही.

वॅड दोन प्रकारची. एक आय-वॅड, म्हणजे कंपनीची मूळ फाइल. दुसरी पी-वॅड, म्हणजे ठिगळ. कोणती फाइल कोणत्या प्रकारची, हे तिच्या पहिल्या चार अक्षरांतच लिहिलेलं असतं. गेम सुरू करताना आदेशात ‘फाइल’ हा पर्याय देऊन ठिगळाचं नाव सांगायचं. प्रोग्राम दोन्ही फाइल्समधल्या घटकांची एक यादी करतो आणि नाव शोधताना यादीच्या शेवटाकडून शोधायला लागतो. नंतर जोडलेल्या ठिगळात ते नाव सापडलं तर तेच वापरतो, नाही सापडलं तर मूळ फाइलपर्यंत जातो. एवढंच! मूळ फाइलचा एक बाइटही बदलत नाही. ठिगळाशिवाय गेम सुरू केला की मूळ डूम जसाच्या तसा हजर.

१९९७ च्या डिसेंबरमध्ये डूमचा सोर्स कोड खुला झाला, त्यामुळे ही उलटी शोधाशोध आज कुणीही स्वतः वाचून पडताळू शकतो. तंत्रज्ञानाच्या इतिहासावर काम करायचं असेल तर हे लक्षात ठेवा: सोर्स कोड हे अव्वल दर्जाचं प्राथमिक साधन आहे. ‘तेव्हा असं चालायचं’ हे आठवणींवरून सांगण्यापेक्षा कोड दाखवणं केव्हाही भक्कम.

अर्थात सगळंच ठिगळात मावत नव्हतं. राक्षसाची ताकद किंवा बंदुकीचा वेग यांसारख्या गोष्टी वॅडमध्ये नव्हत्या, खुद्द प्रोग्राममध्ये होत्या. त्या बदलायला ‘डीहॅकएड’ नावाचं साधन आलं, आणि ते थेट प्रोग्रामच्या फाइलमध्ये फेरफार करायचं. म्हणजे एका दाराने बाहेर काढलेली जुनी सवय दुसऱ्या दाराने परत आली. इतिहासात ‘आधी वाईट पद्धत, मग चांगली’ अशी सरळ रेघ क्वचितच मिळते. दोन्ही पद्धती बराच काळ शेजारी शेजारी नांदतात.

शेजारचा फोल्डर

१९९६ च्या ‘क्वेक’ने हीच कल्पना एका फाइलवरून अख्ख्या फोल्डरवर नेली. मूळ गेमचा एक फोल्डर, त्याच्या शेजारी मॉडचा स्वतंत्र फोल्डर. सुरू करताना ‘गेम’ या पर्यायापुढे मॉडच्या फोल्डरचं नाव द्यायचं. प्रोग्राम आधी तिथे शोधतो, मग मूळ फोल्डरमध्ये. १९९८ चा ‘हाफ-लाइफ’ क्वेकच्याच इंजिनाच्या सुधारित रूपावर उभा होता, म्हणून ही व्यवस्था त्यातही आली. १९९९ मध्ये मिन्ह ले आणि जेस क्लिफ यांनी बनवलेला ‘काउंटर-स्ट्राइक’ हा हाफ-लाइफच्या फोल्डरमधला असाच एक शेजारी होता. पुढे व्हॉल्व्ह कंपनीने तो आपलासा केला आणि २००० मध्ये तो स्वतंत्र गेम म्हणून विक्रीला आला.

या व्यवस्थेत मॉड पुसायचा म्हणजे एक फोल्डर पुसायचा. पण तिची मर्यादा बघा: एका वेळी साधारण एकच मॉड चालवायचा, असं तिने गृहीत धरलं होतं. लोकांना एकाच वेळी शंभर हवे झाले तेव्हा गाडी अडली.

एक फोल्डर, शंभर भाडेकरू

बेथेस्डा कंपनीचे ‘मॉरोविंड’ (२००२), ‘ऑब्लिव्हियन’ (२००६) आणि ‘स्कायरिम’ (२०११) हे गेम मॉडसाठी प्रसिद्ध आहेत. त्यांच्यात मॉडसाठी वेगळं घर नव्हतं. गेमचा जो डेटा फोल्डर, त्यातच सगळ्या मॉडच्या फाइल्स टाकायच्या.

एका मॉडने दगडी भिंतीचं चित्र बदललं आणि दुसऱ्यानेही त्याच नावाचं चित्र आणलं, तर नंतर आलेलं चित्र आधीच्यावर लिहिलं जाई. विंडोज विचारी, ‘ही फाइल बदलू का?’ आपण ‘हो’ म्हणत पुढे जायचो. महिन्याभराने दुसरा मॉड नकोसा झाला, तर पहिल्याचं चित्र परत कुठून आणायचं? ते पुसलं गेलेलं. कोणती फाइल कोणाची, याची नोंदही नाही. भर म्हणून २००७ मध्ये लोकांपर्यंत आलेल्या विंडोज व्हिस्टाने ‘प्रोग्राम फाइल्स’ या फोल्डरवर पहारा बसवला. तिथे लिहायला गेलेली फाइल कधीकधी परस्पर वापरकर्त्याच्या खात्यातल्या दुसऱ्याच कोपऱ्यात वळवली जाई. मॉड टाकला आहे पण गेममध्ये दिसत नाही, असा अनुभव तेव्हा सर्रास येई. म्हणून जाणकार सांगायचे, गेमच मुळात ‘प्रोग्राम फाइल्स’च्या बाहेर इन्स्टॉल करा. पत्ता बदलण्याचा सल्ला इथून सुरू झाला, आणि त्याचं कारण जागा नव्हतं, परवानगी होतं.

मॉड मॅनेजर जन्माला आले ते या गोंधळातून. ऑब्लिव्हियन मॉड मॅनेजर, पुढे नेक्सस मॉड मॅनेजर, ही साधनं मुख्यतः वहीखाते सांभाळणारी होती. कोणत्या मॉडने कोणती फाइल टाकली ते लिहून ठेवायचं, काढताना तेवढीच काढायची. हे उपयोगाचं होतं, पण फाइल्स शेवटी डेटा फोल्डरमध्येच जात. वही आणि फोल्डर यांचा मेळ एकदा तुटला की पुन्हा पहिले पाढे पंचावन्न.

दोन उत्तरं

पुढची उत्तरं दोन दिशांनी आली, आणि गंमत म्हणजे दोन्हींमागे एकच माणूस आहे, टॅनिन या टोपणनावाने ओळखला जाणारा प्रोग्रामर.

पहिलं उत्तर मॉड ऑर्गनायझर. यात प्रत्येक मॉड आपापल्या वेगळ्या फोल्डरमध्ये राहतो आणि गेमच्या डेटा फोल्डरमध्ये काहीच जात नाही. गेम सुरू करताना मॅनेजर मध्ये उभा राहतो. गेमने ‘भिंतीचं चित्र द्या’ म्हटलं की तो विनंती अडवतो आणि योग्य त्या मॉडच्या फोल्डरकडे वळवतो. गेमला वाटतं, सगळं आपल्याच फोल्डरमध्ये आहे. हा आभास आहे, त्यामुळे मॉड कोणत्याही ड्राइव्हवर ठेवता येतात. किंमत एवढीच की गेम दरवेळी मॅनेजरमधूनच सुरू करावा लागतो. थेट सुरू केला तर आभास नाही, म्हणजे मॉडही नाहीत.

थरावर थर रचून एकच फोल्डर असल्याचं दाखवायची ही कल्पना गेमपुरती नाही. लिनक्सच्या कर्नलमध्ये ओव्हरले-एफएस डिसेंबर २०१४ मध्ये, ३.१८ या आवृत्तीत दाखल झालं. तुमच्यापैकी जे कोड चालवण्यासाठी डॉकर वापरतात, ते रोज हाच विचार वापरतात: खालचा थर फक्त वाचायचा, बदल वरच्या थरात.

दुसरं उत्तर व्हॉर्टेक्स. २०१६ मध्ये टॅनिन नेक्सससाठी काम करू लागला आणि तिथे हा नवा मॅनेजर उभा राहिला. यात आभास नाही. मॉड एका साठवणीच्या फोल्डरमध्ये उघडून ठेवायचे, आणि त्यातल्या प्रत्येक फाइलला गेमच्या फोल्डरमध्ये दुसरं नाव द्यायचं. या दुसऱ्या नावाला म्हणतात हार्डलिंक. गेम कसाही सुरू करा, फाइल्स तिथे दिसतात. मॉड काढायचे असतील तर ती दुसरी नावं पुसायची, साठवण शाबूत.

गट नंबर गावापुरताच

आता सुरुवातीच्या अटीकडे. हार्डलिंक ही काही गेमवाल्यांची कल्पना नाही. नोव्हेंबर १९७१ च्या युनिक्सच्या पहिल्या प्रोग्रामर्स मॅन्युअलमध्येच फाइलला आणखी एक नाव जोडण्याची सोय नोंदवलेली आहे. तिच्यामागची कल्पना अशी: फाइल म्हणजे नाव नव्हे. डिस्कवर प्रत्येक फाइलला एक क्रमांक असतो, आणि फोल्डर म्हणजे ‘हे नाव, हा क्रमांक’ अशा नोंदींची यादी. एकाच क्रमांकापुढे दोन नावं लिहिली की झाली हार्डलिंक. त्यातलं एक मूळ आणि दुसरं नक्कल असं काही नसतं, दोन्ही नावं सारख्याच हक्काची. शेवटचं नाव पुसलं जातं तेव्हाच फाइल खरोखर जाते.

जमिनीचा गट नंबर आठवा. गट नंबर ४५ शेकडो गावांत सापडेल, गावाचं नाव नसेल तर तो निरर्थक. डिस्कवरच्या फाइलचा क्रमांकही तसाच, त्या एका पार्टिशनपुरता. डी ड्राइव्हच्या यादीत सी वरचा क्रमांक लिहिला तर डी ड्राइव्ह आपल्याच ‘गावात’ तो गट शोधणार. म्हणून हार्डलिंक पार्टिशनची वेस ओलांडत नाही. व्हॉर्टेक्सची अट कुणाच्या लहरीतून आलेली नाही, ती या रचनेतून येते. विंडोजच्या एनटीएफएस फाइल-व्यवस्थेतही हार्डलिंक आहे आणि तिलाही हीच मर्यादा आहे. पेन ड्राइव्हवर सहसा असणाऱ्या फॅट किंवा एक्सफॅट व्यवस्थेत तर हार्डलिंकची सोयच नाही.

वेस ओलांडणारा प्रकारही आहे, सिंबॉलिक लिंक. १९८३ च्या ४.२ बीएसडी युनिक्समधून तो पसरला. त्यात क्रमांक नसतो, फक्त चिठ्ठी असते: ‘अमुक गावी, तमुक वाड्यात विचारा.’ चिठ्ठी कुठेही नेता येते, पण वाडा हलवला की ती खोटी ठरते. विंडोजमध्ये हा प्रकार व्हिस्टापासून आला आणि तो बनवायला साधारणपणे वाढीव परवानगी लागते.

पत्ता बदलताना

हा इतिहास कळला की सेटिंग्जमधल्या सूचना पाठ कराव्या लागत नाहीत, त्या आपोआप सुचतात. व्हॉर्टेक्समध्ये तीन जागा असतात: डाउनलोडची, साठवणीची आणि गेमची. डाउनलोडच्या झिप फाइल्सना लिंक लागत नाही, म्हणून त्या मोठ्या, हळू ड्राइव्हवर टाका आणि सी मोकळी करा. साठवण मात्र गेमच्याच पार्टिशनवर हवी, आणि तीही गेमच्या फोल्डरच्या आत नको, नाहीतर घर आणि कोठार पुन्हा एक होईल. गेमच दुसऱ्या ड्राइव्हवर न्यायचा असेल तर साठवणही त्याच्याबरोबर न्यावी लागेल.

हलवताना एक्सप्लोररमध्ये फोल्डर ओढून नेऊ नका. सेटिंग्जमध्ये नवा पत्ता द्या आणि मॅनेजरला हलवू द्या, कारण आधी गेममधली नावं पुसणं, मग फाइल्स नेणं, मग नवी नावं जोडणं, हा क्रम त्याला माहीत असतो. आपण फाइल्स परस्पर दुसऱ्या ड्राइव्हवर नेल्या तर तिथे नव्या फाइल्स तयार होतात, नवे क्रमांक मिळतात आणि जुनं नातं तुटतं.

आणखी एक चकवा. साठवणीचा फोल्डर वीस जीबी आणि गेममधल्या त्याच फाइल्स पुन्हा वीस जीबी, असं एक्सप्लोरर दाखवतो. प्रत्यक्षात डिस्कवर वीसच जीबी खर्च झालेले असतात, नावं दोन आहेत म्हणून मोजणी दोनदा होते. ‘डुप्लिकेट’ समजून एक फोल्डर पुसला तर जागा मोकळी होत नाही, उलट मॅनेजरचं वहीखातं मात्र बिघडतं.

आपल्या डेटाच्या फोल्डरकडे बघताना

आता हे सगळं तुमच्या संशोधनावर ठेवून बघा. उपकरणातून आलेली किंवा सर्वेक्षणातून जमवलेली कच्ची फाइल ही तुमची आय-वॅड. तिच्यात दुरुस्ती करून तिथेच सेव्ह करणं म्हणजे १९९२ ची पद्धत. चुकीची नोंद काढलीत, एकक बदललंत, रिकाम्या जागा भरल्यात, आणि वर्षभराने परीक्षकाने विचारलं, ‘मूळ आकडा काय होता?’ तर दाखवायला काहीच नसेल. कच्ची फाइल फक्त वाचण्यापुरती ठेवा आणि प्रत्येक दुरुस्ती वेगळ्या स्क्रिप्टमध्ये, ठिगळासारखी. ठिगळ काढलं की मूळ दिसलं पाहिजे, ही कसोटी.

हार्डलिंकबद्दल एक इशाराही. जागा वाचवायला काही जण कच्च्या डेटाची हार्डलिंक विश्लेषणाच्या फोल्डरमध्ये करतात. पण दोन नावं म्हणजे दोन प्रती नव्हेत. एका नावाने उघडून फाइलमध्ये लिहिलंत की दुसऱ्या नावाखालचा डेटाही बदलला, कारण डेटा एकच आहे. काही एडिटर नवी फाइल लिहून जुनीच्या जागी ठेवतात, तेव्हा मात्र लिंक गुपचूप तुटते आणि दोन वेगळ्या फाइल्स उरतात. कोणता प्रोग्राम काय करतो हे माहीत नसेल, तर हार्डलिंकला बॅकअप समजणं धोक्याचं. बॅकअप म्हणजे दुसऱ्या डिस्कवरची स्वतंत्र प्रत.

तिसरी गोष्ट पत्त्याची. स्क्रिप्टमध्ये जागोजागी ‘डी ड्राइव्ह, अमुक फोल्डर’ असा पूर्ण पत्ता लिहिला तर लॅपटॉप बदलला की सगळं अडतं. मॉड मॅनेजर साठवणीचा पत्ता सेटिंग्जमध्ये एकाच जागी ठेवतो, म्हणूनच तो बदलता येतो. तुमच्या प्रकल्पातही डेटाचा पत्ता एकाच फाइलमध्ये लिहा आणि बाकी सगळे मार्ग तिथून काढा.

शेवटची गोष्ट डूमच्याच लोकांकडून शिकण्यासारखी. नव्वदच्या दशकात ‘आयडीगेम्स’ या संग्रहात वॅड जमा करताना सोबत एक साधी मजकूर फाइल देण्याची रीत होती. लेखक कोण, काम नव्याने केलंय की जुन्यावर आधारलेलं, कोणती साधनं वापरली, माहीत असलेले दोष कोणते, अशी त्यात ठरलेली रकानेवारी असे. हौशी पोरं खेळण्याच्या नादात हे भरत होती, आणि म्हणून आज त्या वॅडचा इतिहास लिहिता येतो. आज संध्याकाळी तुमच्या डेटाच्या फोल्डरमध्ये अशी एक मजकूर फाइल बनवा. पहिली ओळ डूमच्या भाषेतच लिहा: सगळा डेटा कुठे आहे. पुढे त्याचं उत्तर.